खाजगी देण्याघेण्याचे तंटे आणि सलोख्याचा मार्ग : प्रस्तावना

उसने दिलेले पैसे परत न मिळाल्यास धनकोने काय करावे, आणि फेडीची इच्छा असूनही ऐपत नसलेल्या ऋणकोने कोठे जावे, या दोन प्रश्नांना आपल्या समाजाने निरनिराळ्या काळी निरनिराळी उत्तरे दिली. त्यांपैकी उभय पक्षांनी विश्वासातील तिऱ्हाइतासमोर बसावे, हिशेब पाहावा, राजीखुशीने तडजोड करावी आणि कोर्टाची पायरी चढण्याचा प्रसंग टाळावा, या उत्तराचा विचार पुढील पानांत केला आहे. तो डाळज व आसपासच्या गावांतील वाचकांना समोर ठेवून केला आहे, व त्यास सबळ कारण आहे. पुणे-सोलापूर रस्त्याने भिगवण मागे टाकून इंदापूरकडे निघाले म्हणजे डाव्या अंगास उजनी धरणाच्या फुगवट्याचे पाणी दिसू लागते. त्या पट्ट्यात डाळजच्या वस्त्या आहेत. इंदापूर, बारामती व दौंड हा जो भीमा आणि कऱ्हेच्या आसऱ्याने राहणारा अवर्षणग्रस्त मुलूख, त्याच मुलखात दीडशे वर्षांपूर्वी कर्जाच्या कागदांवरून एवढा प्रक्षोभ झाला की, दावा लावण्यापूर्वी सलोख्याचा प्रयत्न झालाच पाहिजे, असा कायदा सरकारला करावा लागला. त्या प्रयोगाचे यश आणि त्याहून अधिक बोलके असे त्याचे अपयश, ही दोन्ही या भूमीची मिळकत आहे, आणि आजचा सलोखा कसा असावा हे समजण्यास तिच्याइतके दुसरे साधन नाही.

त्या प्रक्षोभाची कारणे थोडक्यात अशी. इंदापूर तालुक्यात प्रिंगल या इंग्रज अधिकाऱ्याची जमीन-मोजणी फसल्यावर गोल्डस्मिड आणि विंगेट या अधिकाऱ्यांनी १८३६ साली नवी जमाबंदी बसविली. तिची तीस वर्षांची मुदत सरली तेव्हा अमेरिकेतील यादवी युद्धामुळे कापसाचे व त्याबरोबर इतरही जिनसांचे भाव चढलेले होते, आणि त्या चढत्या भावांच्या भरवशावर १८६७ साली सारा वाढविण्यात आला. युद्ध संपलेच होते. भाव उतरले, सारा मात्र उतरला नाही. साऱ्याचा हप्ता रोखीने आणि ठरल्या दिवशी भरावयाचा असल्यामुळे शेतकरी सावकाराच्या ओट्यावर गेला, आणि तेजीच्या काळात मोकळ्या हाताने कर्ज देणारा सावकार आता आखडत्या हाताने व कडक अटींवर देऊ लागला. यात एका कायद्याची भर पडली, आणि तिच्याकडे वाचकाने विशेष लक्ष द्यावे. १८५९ च्या मुदतीच्या कायद्याने साध्या कर्जखतावर दावा करण्याची मुदत तीन वर्षांवर आणली. हेतू चांगला होता. जुने व्यवहार वर्षानुवर्षे कुजत पडू नयेत, एवढाच. पण व्यवहारात झाले असे की, दर तीन वर्षांनी सावकार कुळाला बोलावून जुने खत रद्द करी आणि तोवरचे व्याज मुद्दलात घालून नवे लिहून घेई.

हे कसे घडते ते आकड्यांनीच पाहिले पाहिजे. समजा, एखाद्या कुळाने शंभर रुपये दरमहा दर शेकडा दोन रुपये व्याजाने घेतले, आणि त्यास काहीच फेडता आले नाही. तीन वर्षांत बहात्तर रुपये व्याज झाले. नवे खत एकशे बहात्तरांचे झाले, आणि त्यात ‘रोख पावले’ असा शब्द पडला. आणखी तीन वर्षांनी दोनशे शहाण्णवांच्या आसपास, आणि नवव्या वर्षाच्या अखेरीस पाचशे आठ रुपयांच्या वर. कुळाच्या हातात प्रत्यक्ष पडलेले रुपये शंभरच. दामदुपटीच्या आपल्या जुन्या न्यायाने त्यावर व्याज कितीही काळ तुंबले तरी एकूण येणे दोनशेंच्या पुढे जाऊ नये. परंतु कोर्टापुढे येई तो फक्त शेवटचा कागद, आणि त्यावर अंगठा असे. कागद खरा, अंगठा खरा, साक्षीदार खरे; मुनसफाने हुकूमनामा द्यावयाचा नाही तर काय करावयाचे? बहुतेक वेळी कुळ हजरही होत नसे, आणि एकतर्फी निकालानंतर दरखास्त, जप्ती, लिलाव हा क्रम ठरलेलाच होता.

१२ मे १८७५ रोजी सुपे येथे, आज बारामती तालुक्यात असलेल्या व त्या वेळी भीमथडी तालुक्यात मोडणाऱ्या गावी, बाजारच्या दिवशी जमलेल्या लोकांनी सावकारांच्या घरांवर व दुकानांवर चाल केली. दंग्याचे हे लोण पुढे पुणे आणि अहमदनगर जिल्ह्यांतील अनेक गावी पसरले. चौकशीसाठी नेमलेल्या कमिशनने जी गोष्ट नमूद केली ती आजही विचार करावयास लावते: दंगेखोरांचा रोख माणसांच्या जिवावर नव्हता, कागदांवर होता. खते, वह्या आणि हुकूमनामे मागावेत, मिळाले की जाळावेत. ज्याने ते मुकाट्याने दिले त्याच्या अंगास बहुधा कोणी हात लावला नाही. ज्यांना आपल्या खात्यात काय लिहिले आहे हे वाचता येत नव्हते, आणि ते कोणी वाचूनही दाखवीत नव्हते, त्यांनी अखेर ते खातेच नाहीसे करावयाचा मार्ग धरला. या कृत्याचे समर्थन मी करीत नाही. निष्पाप व्यापाऱ्यांचेही त्यात नुकसान झाले आणि शेकडो शेतकरी तुरुंगात गेले. परंतु हिशेब पाहण्याची वाट जेथे बंद होते तेथे माणसे कोणत्या थरास जातात, याचा तो दाखला आहे.

सलोख्याची कल्पना या दंग्यांतून प्रथम निघाली असे मात्र नाही. मराठेशाहीत देण्याघेण्याचा कज्जा पंचांपुढे जात असे. पंचांचा निवाडा मान्य राहील असा राजीनामा वादी-प्रतिवादी आधी लिहून देत, दोघांचे जामीन घेतले जात, वह्या आणि साक्षी पाहून निवाडा होई, आणि हरलेल्याकडून यजितखत, म्हणजे हार मान्य असल्याचा लेख, घेतले जाई. माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनने पेशवाईच्या पडावानंतर दख्खनचा अहवाल लिहिला त्यात या पंचायतीचे दोष दाखवूनही तिचा कैवार घेतला. १८७० साली स्थापन झालेल्या पुणे सार्वजनिक सभेच्या मंडळींनी, विशेषेकरून गणेश वासुदेव जोशी म्हणजे आपले सार्वजनिक काका यांनी, लवाद कोर्टांच्या रूपाने तीच परंपरा नव्या काळात उभी करण्याची खटपट केली. अहमदनगरकडे न्यायाधीश म्हणून काम केलेले विल्यम वेडरबर्न यांनीही पंचायतीच्या पुनरुज्जीवनाचा पाठपुरावा केला. यूरोपातही असा प्रयोग झालेला होता: डेन्मार्क आणि नॉर्वे यांच्या संयुक्त राज्यात अठराव्या शतकाच्या अखेरीस दिवाणी दाव्यापूर्वी सलोखा-मंडळापुढे जाण्याची रीत कायद्याने घातली गेली, आणि नॉर्वेत गावोगावच्या साध्या नागरिकांची अशी मंडळे अद्याप काम करीत आहेत.

या सर्वांचे फळ म्हणजे १८७९ चा दख्खनच्या शेतकऱ्यांच्या कर्जनिवारणाचा कायदा. पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांना तो लागू झाला. त्याने कोर्टास खताच्या पाठीमागे जाऊन व्यवहाराचा मूळ इतिहास तपासण्याचा अधिकार दिला, किंबहुना ते कर्तव्यच ठरविले. कर्जापायी शेतकऱ्याला तुरुंगात टाकण्याची पद्धत बंद केली. पैसे भरल्याची पावती मागण्याचा हक्क ऋणकोस दिला. आणि गावमुनसफ, गावनिबंधक अशी जवळची अधिकारपदे निर्माण केली. सलोख्याचे प्रकरण याच कायद्यात होते. सरकारने ठिकठिकाणी कन्सिलिएटर, म्हणजे सलोखा करून देणारे गृहस्थ नेमावेत. त्यांत पोलीस अंमलदार नसावा. शेतकरी ज्यात पक्षकार आहे असा दावा लावण्यापूर्वी फिर्यादीने त्यांच्याकडे अर्ज करावा. समेट झाल्यास कबुलायत लिहून ती कोर्टाकडे पाठवावी, आणि कोर्टाने दाखल करून घेतल्यावर तिला हुकूमनाम्याचे बळ यावे. समेट न झाल्यास दाखला द्यावा, आणि त्या दाखल्यावाचून कोर्टाने दावा घेऊ नये. सलोख्यात गेलेला काळ दाव्याच्या मुदतीतून वगळण्याचीही सोय त्यात केलेली होती. कागदावर याहून सुबक योजना क्वचितच सापडेल. तिच्या देखरेखीचे काम करणाऱ्यांत न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे होते. १८८१ पासून साहाय्यक म्हणून आणि पुढे स्वतः स्पेशल जज्ज म्हणून, १८९३ साली हायकोर्टावर जाईपर्यंत, त्यांनी या जिल्ह्यांतून फिरती करून दुय्यम कोर्टांचे निकाल तपासले. त्यांच्या पत्नी रमाबाई यांच्या आठवणींत या फिरतीची वर्णने आहेत.

मग ही योजना टिकली का नाही? विसाव्या शतकाच्या पहिल्या दोन दशकांतच सलोख्याचे प्रकरण मुंबई सरकारने रद्द केले, आणि त्याबद्दल फारशी हळहळ कोणी व्यक्त केली नाही. कन्सिलिएटर बिनपगारी होते, पक्षकारास हजर करण्याची सत्ता त्यांस नव्हती, आणि केवळ दाखल्यासाठी येणाऱ्या फिर्यादींनी त्यांच्या दारी गर्दी केली, ही कारणे खरीच. परंतु याहून खोल असे एक कारण होते. कोर्टाला खताच्या मागे जाऊन इतिहास पाहणे भाग होते. कन्सिलिएटराच्या बैठकीत ती सक्ती नव्हती. चाणाक्ष सावकाराच्या हे ताबडतोब ध्यानी आले. कोर्टात गेल्यास पाचशे आठांच्या खताचे दोनशे होण्याची भीती. त्यापेक्षा कुळास कन्सिलिएटरापुढे नेऊन, थोडी सूट दिल्यासारखे करून, साडेचारशेंची कबुलायत करवून घेतली की तिला हुकूमनाम्याचे बळ आपोआप येई, कोर्टाचा खर्च वाचे आणि मागील वह्या उघडण्याचा प्रश्नच उरत नसे. ज्या कायद्याने खाते उघडण्याची आज्ञा केली, त्याच कायद्यातील सलोख्याने ते बंद ठेवण्याची सवलत दिली.

आजच्या पंचाने आणि मध्यस्थाने येथेच थांबून विचार करावा, असे मला अंतःकरणपूर्वक वाटते. आपल्याकडे ‘मध्ये तोडणे’ ही तडजोडीची रूढ रीत आहे. एक म्हणतो पाच लाख, दुसरा म्हणतो एक लाख. वडीलधारा मनुष्य तीन लाखांवर हात मिळवून देतो, आणि दोघांनाही थोडे थोडे सोडावे लागले म्हणून निवाडा समतोल झाला असे मंडळी समजतात. पण ज्याने मागणीचा आकडा मुळातच फुगवून मांडला त्याला या रीतीत बक्षीस मिळते, आणि जो प्रामाणिकपणे नेमका आकडा सांगतो त्याला दंड बसतो. दिले किती, कोणत्या तारखेस, रोख की खात्यावर, परत आले किती, ते व्याजात धरले की मुद्दलात, आणि मधल्या काळात कागद किती वेळा बदलला, हे ज्याने पाहिले नाही त्याने दोन आकड्यांचा मध्य काढू नये. सौजन्य, वडीलकी, गावचा एकोपा, यांची मला किंमत आहे. हिशेब पाहून झाल्यावर सूट द्यावी, व्याज सोडावे, मुदत वाढवावी. परंतु हिशेब न पाहता दिलेली सूट ही बहुधा नसलेल्या कर्जातून दिलेली असते.

हिशेब पाहिल्यानंतर मात्र सलोख्याला जे साधते ते हुकूमनाम्याला साधत नाही. १८९३ साली बॅरिस्टर गांधी दक्षिण आफ्रिकेत गेले ते दादा अब्दुल्ला आणि तय्यब शेठ या एकमेकांच्या नात्यातील दोन व्यापाऱ्यांच्या चाळीस हजार पौंडांच्या दाव्यासाठी. त्यांनी दोन्ही पक्षांस लवाद मान्य करावयास लावले, आणि सदतीस हजार पौंडांचा व खर्चाचा निवाडा आपल्या पक्षकाराच्या बाजूने झाला. येथवर झाले ते कोणत्याही चांगल्या वकिलाने केले असते. ही रक्कम एकदम वसूल केली तर तय्यब शेठचे दिवाळे निघेल हे पाहून जिंकलेल्या पक्षकाराकडून लांब मुदतीचे हप्ते कबूल करवून घेणे, हे त्यापुढचे काम अधिक कठीण पडले, असे गांधीजींनी आत्मचरित्रात सांगितले आहे. येणे किती हे ठरणे आणि ते येणे कसे यावे हे ठरणे, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. दुसरीत फेडणाऱ्याचा संसार उभा राहतो की मोडतो याचा निकाल लागतो.

डाळजच्या परिसरातील आजचे तंटे १८७५ सारखे नाहीत. उजनीचे पाणी आले, ऊस आला, साखर कारखाने आले, बँका व पतसंस्था आल्या. तथापि खाजगी उसनवारी संपली नाही. लग्नासाठी, दवाखान्यासाठी, ट्रॅक्टरच्या हप्त्यासाठी मेहुण्याकडून, मित्राकडून, शेजाऱ्याकडून पैसे घेतले जातात. कागद नसतो, किंवा असतो तो कोरा सही केलेला धनादेश. ऊसतोडीच्या हंगामाआधी मुकादमास दिलेली उचल आणि टोळी न आल्याने बुडालेली रक्कम हा दुसरा प्रकार. तिसरा प्रकार मला विशेष बोधप्रद वाटतो. जलाशयातून पाणी उचलण्यासाठी पाच-दहा शेतकरी सामाईक पाइपलाइन टाकतात. खोदाई, पाइप, मोटारी यांचा खर्च वाट्याने करावयाचे ठरते, एखादा आपला वाटा पुढच्या बिलावर ढकलतो, दुसरा त्याच्यातर्फे भरतो, पुढे मोटार जळते, विजेचे बिल थकते, आणि दोन-चार वर्षांनी कोणाचे कोणाकडे किती हे कोणासच सांगता येत नाही. अशा प्रकरणी कोर्टाने एकाच्या बाजूने रकमेचा हुकूमनामा दिला तरी दोघांनाही उद्या त्याच पाइपमधून पाणी घ्यावयाचे आहे. बैठकीत वाट्याच्या रकमेबरोबर पाण्याची पाळी ठरते, पुढील बिल कोणी व कोणत्या तारखेस भरावयाचे ते ठरते, आणि फेडीचे हप्ते कारखान्याच्या ऊसबिलाच्या वेळी बांधून देता येतात. वसुलीच्या दाव्यातील निकालपत्रात या गोष्टींस जागा मिळणे कठीण.

अशा बैठकीस आज कोणता आधार आहे, ते पुढे सविस्तर येईल; येथे दिग्दर्शन पुरे. १५ ऑगस्ट २००७ पासून महाराष्ट्रात महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहीम सुरू झाली, आणि गावोगाव तंटामुक्त समित्या झाल्या. काही ठिकाणी त्यांनी फार चांगले काम केले. परंतु समितीपुढील तडजोड हा दोन पक्षांतील करार होय, हुकूमनामा नव्हे, हे विसरता कामा नये. ते बळ हवे असेल तर १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण अधिनियमाखालील लोकअदालतीचा मार्ग आहे. दावा दाखल नसतानाही तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करता येतो, त्यास कोर्ट-फी पडत नाही. दावा चालू असून तेथे मिटला तर भरलेली कोर्ट-फी परत मिळते. लोकअदालतीचा निवाडा दिवाणी कोर्टाच्या हुकूमनाम्यासमान असतो आणि त्यावर अपील नाही. धनादेश न वटल्याच्या फौजदारी प्रकरणात लोकअदालतीत झालेली तडजोडही हुकूमनाम्यासारखी बजावता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०११ साली स्पष्ट केले. २०२३ साली संसदेने मध्यस्थीचा स्वतंत्र अधिनियमही केला असून तो टप्प्याटप्प्याने अंमलात येत आहे. अपील नाही ही सोय आहे, तशीच जोखीम आहे. सही करण्यापूर्वी प्रत्येक आकडा समजून घेण्याची जबाबदारी त्यामुळे शतपटीने वाढते, आणि ज्याला वाचता येत नाही त्याला तो वाचून, समजावून सांगणे हे मध्यस्थाचे पहिले काम ठरते.

बैठकीत बाईमाणसाला बोलवावे, हेही येथेच सांगतो. गहाण पडलेले डोरले किंवा पाटल्या पुष्कळदा तिच्या असतात, नवऱ्याच्या मृत्यूनंतर तगादा तिच्याच दारी येतो, आणि तरीही तिच्या अपरोक्ष दिराने किंवा सासऱ्याने कबुली देण्याची चाल अजून मोडलेली नाही. तिची सही घ्यावयाची असेल तर तिचे म्हणणे आधी ऐकले पाहिजे.

सगळेच तंटे सलोख्याचे नव्हेत. परवान्यावाचून व्याजबट्ट्याचा धंदा करणे हा महाराष्ट्र सावकारी अधिनियम, २०१४ प्रमाणे गुन्हा आहे. कर्जाच्या तारणासाठी नावाला खरेदीखत करून घेऊन पुढे जमीनच बळकावली गेली असेल, तर अशा अवैध सावकारीची चौकशी करून ती जमीन परत देवविण्याचा अधिकार सहकार खात्याच्या जिल्हा उपनिबंधकास आहे. मारहाणीची धमकी, घरावर माणसे पाठविणे, जनावरे सोडून नेणे असे प्रकार जेथे घडतात तेथे पंचांनी ‘आपसांत मिटवा’ म्हणणे म्हणजे दुर्बलास एकटे सोडणे होय. तेथे पोलीस आणि कायदा यांचीच वाट धरावी, आणि गावाने त्या माणसाच्या पाठीशी उभे राहावे.

शेवटी वाचकास एक विनंती. तुमचे येणे असो वा देणे असो, बैठकीस जाताना रिकाम्या हाताने जाऊ नका. बँकेचे खातेउतारे, मोबाइलवरून पाठविलेल्या रकमांच्या नोंदी, पावत्या, वहीची पाने, जे असेल ते तारीखवार लावून न्या. ठरलेले जागेवरच लिहून काढा: मूळ रक्कम, आजवर पोचलेली रक्कम, बाकी, हप्ते, हप्ता चुकल्यास काय. शेवटचा हप्ता पोचताच जुना कागद व कोरा धनादेश परत घ्या आणि फारखत लिहून घ्या. आणि धनकोने एवढे ध्यानात ठेवावे की, सलोख्यात गेलेला काळ मुदतीतून वगळण्याची १८७९ च्या कायद्यातील ती जुनी सवलत गावच्या बैठकीस आज नाही. बोलणी चालू आहेत म्हणून दाव्याची मुदत थांबत नाही. हातउसन्या पैशांची मुदत साधारणतः दिल्या तारखेपासून तीन वर्षांची असते. ती सरण्यापूर्वी ऋणकोकडून बाकीची लेखी, सहीनिशी व तारखेनिशी कबुली घ्यावी, म्हणजे त्या दिवसापासून मुदत नव्याने मोजली जाते, आणि दोघांनाही घाई न करता हिशेबास बसता येते.